सुपात उरलेलं अक्षर

बसा मंडळी, सावरून बसा. बुक्का लावून झाला, पेटीवाले पाणी पिऊन आले, आता आख्यान लावतो. पण त्याआधी एक प्रश्न. उत्तर मोठ्यानं देऊ नका, मनातच द्या.

जी गोष्ट चारचौघांत तोंडानं सांगायची लाज वाटते, ती हातानं करताना लाज का वाटत नाही?

कळला प्रश्न? नाही कळला! माना डोलावताय त्या सवयीनं. चोराला विचारा, तो चोरी लपवतो. म्हणजे चोरालासुद्धा कळतं, की हे वाईट आहे. पण आपण — टिळा लावून, आंघोळ करून, देवासमोर निरांजन ठेवून — एक गोष्ट राजरोस करतो, आणि तिचं नाव घ्यायची वेळ आली की सगळ्यांच्या तोंडाला कुलूप! आज मी चिडलेला आहे, हे आधीच सांगून ठेवतो. पूर्वरंगात गोड बोललो तेवढं पुरे.

तर ऐका. आपल्याच जिल्ह्यातलं एक तालुक्याचं गाव. नाव सांगणार नाही. निम्म्यांचे सोयरे तिथं निघतील आणि उद्या सकाळी फोनाफोनी सुरू होईल.

त्या गावात कुमुदआत्या नावाची बाई. बालवाडी चालवायची. आवाज असा खणखणीत, की गच्चीवरून हाक मारली तर नाक्यावरचा रिक्षावाला वळून बघायचा. लग्न होऊन संसाराची घडी बसते न बसते तोच नवरा गेला, आणि ती भावाच्या घरी परत आली. त्याच सुमाराला तिची भावजय, निर्मलावहिनी, बाळंत झाली आणि पाठीच्या दुखण्यानं अंथरुणाला खिळली. मग ती पोर कुणी वाढवली हो? केतकी तिचं नाव. तिला न्हाऊ कुणी घातलं? गुटी कुणी उगाळली? कावीळ झाली तेव्हा मांडीवर घेऊन कोण बसलं? आत्या! तेव्हा कुणी पंचांग उघडलं नाही, हिचा हात शुभ का अशुभ ते कुणी विचारलं नाही. नाही ना? पुढं ऐका.

केतकी मोठी झाली, लग्न झालं, दिवस गेले. पहिल्या खेपेला राहिलं नाही. पाचव्या महिन्यात सगळं संपलं. आई रडत बसली, सासू देवाला बोल लावत बसली, आणि दवाखान्यात उशाशी कोण होतं? पोरीचे केस विंचरून, तिला घास भरवून, पुन्हा पायावर उभं कुणी केलं? नाव सांगायला नको. तुम्हाला पाठ झालं एव्हाना.

आता दुसऱ्या खेपेला सातवा लागला. माहेरी डोहाळजेवण ठरलं. गच्चीवर मांडव, झोपाळ्याला शेवंतीच्या माळा, केतकीला हिरवी साडी, अंगावर फुलांचे दागिने. आणि निर्मलावहिनी नणंदेला म्हणाली, "वन्सं, खेळ तुम्हीच घ्यायचा हं. तुमच्यासारखा खेळ कुणाला जमत नाही."

आत्या हरखली. सांगू का तुम्हाला, किती हरखली? बालवाडीतली चित्रांची अक्षरं घरी आणली, नवीन पुठ्ठ्यावर चिकटवली, कडेनं लाल कागद लावला. खेळ अगदी साधा. सुपात अक्षरं पालथी टाकायची. प्रत्येकीनं एक उचलायचं आणि त्या अक्षरावरून बाळाचा एक शब्द सांगायचा. आत्यानं दहा मोजायचे. दहाच्या आत शब्द आला तर ठीक, नाही आला तर डाव गेला आणि पुढचीची पाळी.

आणि इथं निर्मलावहिनीनं शक्कल लढवली. राहुकाळ लागायच्या आत ओटी भरून व्हायला हवी होती, आणि बायका तर अजून साड्यांच्या गप्पांत! वहिनी म्हणाली, "खेळ वेगळा, ओटी वेगळी असं करत बसलो तर उशीर होईल. जिनं शब्द सांगितला तिनं लगेच पुढं व्हायचं नि केतकीची ओटी भरायची. दोन्ही एकदम उरकेल." सगळ्यांना पटलं. वहिनीलाही स्वतःच्या हुशारीचं कौतुक वाटलं. पण प्रत्येक अक्षराला आपण एक ओटी बांधून ठेवली, हे तिच्या डोक्यात आलं नाही. आणि अक्षरं मोजून टाकली होती आत्यानं. बालवाडीत तिचा नियमच होता — एकही मूल खेळाबाहेर बसता कामा नये, आणि खेळ घेणारी बाईसुद्धा खेळते. तिनं गच्चीवरच्या सगळ्या बायका मोजल्या, आणि सवयीनं स्वतःलाही मोजलं.

खेळ रंगला हो! एकीला द आला — दुपटं. एकीला क — काजळ. शेजारच्या रेवतीकाकूंना झ आला, त्या म्हणाल्या, "झोप! जी आता केतकीला वर्षभर मिळणार नाही ती!" गच्ची हसली. एकीला प आला आणि तिला पाळणा सोडून सगळं आठवलं, शेवटी म्हणाली पगार. का, तर बाळ आलं की नवऱ्याचा सगळा पगार त्यातच जातो म्हणे. आत्यानं तोही शब्द चालवून घेतला. एकेक बाई शब्द सांगायची, झोपाळ्याजवळ जायची, कुंकू लावायची, केतकीच्या पदरात तांदूळ, नारळ, खण घालायची. पदर भरत आला, सूप रिकामं होत आलं.

शेवटी सुपात एकच अक्षर उरलं.

केतकी झोपाळ्यावरूनच म्हणाली, "आत्या, आता तू."

आत्यानं हात पुढं केला. बोटं पुठ्ठ्याला लागतात न लागतात तोच निर्मलावहिनीचा आवाज आला, अगदी मऊ आवाज — "वन्सं, तुमचं राहू दे. तुम्ही खेळ घेतलात ना? खाली जरा आमटीकडे बघता का?"

झालं! गच्चीवरच्या बायकांना एकदम आपापल्या बांगड्या बघायच्या झाल्या. कुणी पदर नीट केला, कुणी लेकराचं नाक पुसलं. अहो, एक तरी बाई बोलेल? नाही. कारण प्रत्येकीला वाटत होतं, कुमुदताई समजूतदार आहेत, त्या समजून घेतील.

समजून घेतील! काय सोयीचा शब्द आहे बघा! आपण दार लावायचं, आणि पलीकडच्यानं समजून घ्यायचं. आपण सांगायचंसुद्धा नाही! तो अपमान त्या बाईनं आपला आपणच ओळखायचा, आपला आपणच उचलायचा, आणि वर हसत हसत आमटी ढवळायला जायचं. मुंज झाली, वास्तुशांत झाली, केतकीचं लग्न झालं, दर वेळी ऐन वेळेला तिला कसलं ना कसलं काम निघायचं स्वयंपाकघरात, आणि दर वेळी ती समजून घ्यायची. किती वर्षं घेणार हो समजून?

त्या दिवशी तिनं घेतलं नाही.

तिनं सूप खाली ठेवलं. राग पायापासून चढत डोक्यात आला होता, पण आवाज चढला नाही. ती म्हणाली, "का गं, वहिनी? मी का नको?"

"अहो, तसं नाही वन्सं… तुम्हाला माहितीये ना."

"मला माहिती नाही. तू सांग. खेळ चालू आहे अजून. एका शब्दात सांग, मी दहा मोजते."

आणि मंडळी, ती मोजायला लागली! बालवाडीत मोजते तशी, शांतपणे, एकेक आकडा सुटा करून. वहिनी खाली बघत राहिली. दहा झाले.

"गेला डाव. विहीणबाई, तुम्ही सांगा."

केतकीच्या सासूबाई म्हणाल्या, "आमच्यात कसं असतं ना…" आणि तिथंच थांबल्या. पुन्हा दहा झाले.

"रेवतीकाकू? मघाशी शब्द पटकन सुचला होता तुम्हाला."

रेवतीकाकूंच्या डोळ्यांत पाणी आलं, पण शब्द आला नाही. कसा येणार? तो शब्द आहे ना, तो सगळ्यांना येत होता! घरात कुजबुजायला येत होता, पत्रिका वाटताना येत होता. पण जिनं त्या पोरीला दवाखान्यातून उठवून आणलं, तिच्या डोळ्याला डोळा देऊन, भर उजेडात, "तू अशुभ आहेस" असं म्हणायला एकीची जीभ उचलेना. आणि हात मात्र वर्षानुवर्षं तेच करत होते!

आत्या वहिनीकडे वळली. "बाळंतपणात तू पडून होतीस, तेव्हा माझा हात चालला. गेल्या खेपेला रक्तानं भरलेल्या चादरी मी बदलल्या, तेव्हा माझा हात चालला. दुखण्याला माझा हात लागतो, आणि मूठभर तांदूळ घालायचे म्हटलं की विटाळ होतो? एवढं मला समजावून सांग, मी आत्ता खाली जाते. पुन्हा वर येणार नाही."

निर्मलावहिनी रडायला लागली. वाईट बाई नव्हती ती, हेही सांगतो. ती कशीबशी म्हणाली, "भीती वाटते हो वन्सं. ह्या खेपेला काही झालं तर… मला भीती वाटते."

"हां," आत्या म्हणाली, "हा खरा शब्द सांगितलास. भीती मलाही वाटते. तुझ्यापेक्षा जास्त वाटते, कारण गेल्या खेपेचं मी डोळ्यांनी बघितलंय. पण तुझी भीती तू माझ्या डोक्यावर का ठेवतेस?"

 झोपाळ्यावरून केतकी उठून उभी राहिली. ओटीचा भरलेला पदर एका हातानं धरला होता, तो तिनं दोन्ही हातांनी पसरला आणि नुसती उभी राहिली. आईकडे बघितलं नाही, सासूकडे बघितलं नाही.

आत्यानं सुपातलं अक्षर उचललं, उलटं केलं. ह होता, शेजारी हत्तीचं चित्र. ती म्हणाली, "ह. हात." आणि त्याच हातानं तिनं तांदूळ घेतले, नारळ घेतला, खण घेतला, आणि केतकीच्या पदरात घातले. केतकीनं करंड्यातलं कुंकू बोटावर घेऊन आत्याच्या कपाळाला लावलं. आत्या हसली नाही बरं का. तिचा राग उतरला नव्हता, आणि उतरावा असं त्यात काही नव्हतं. ती जिना उतरून खाली गेली, पानं मांडलेली होती, आणि पहिल्या पंगतीला बसली. नवरा गेल्यापासून पहिल्यांदा. वाढणाऱ्या बायका भात घेऊन आल्या, तेव्हा तिनं दोनदा मागून घेतला.

संपलं आख्यान.

का हो, असे का बघताय? अजून काहीतरी ऐकायचंय ना? ओळखलं मी! मघापासून बायकांच्या बाजूला चुळबुळ चाललीय आणि पुरुषांच्याही. प्रत्येकाच्या मनात एकच प्रश्न — बुवा, पुढं काय झालं? केतकीचं बाळ सुखरूप झालं का?

सांगणार नाही!

का सांगू? सुखरूप झालं म्हणालो तर तुम्ही म्हणाल, चला, बाईचा हात चांगला होता. आणि नाही झालं म्हणालो, तर? बोला की! तर काय म्हणणार होता तुम्ही? ज्याच्या मनात तो प्रश्न आला ना मंडळी, त्याच्या मनात निर्मलावहिनी पाट मांडून बसलेली आहे. त्या पोरीचं बाळ दवाखान्यात जन्माला येणार, तांदळाच्या मुठीत नाही. आणि तुम्हाला हे ठाऊक आहे! ठाऊक असून तुम्ही विचारता, म्हणून मला राग येतो. तुम्हाला आख्यान ऐकून टाळ्या वाजवायच्यात, आणि घरी जाऊन त्याच बाईला आमटीकडे बघायला पाठवायचंय.

आता आरती. पण थांबा, टाळ उचलू नका. आरतीच्या वेळी बायका कशा उभ्या राहतात ते मी इतकी वर्षं या पाटावरून बघतो. ज्यांच्या कपाळाला कुंकू, त्या पुढं. बाकीच्या खांबामागं, चपलांच्या बाजूला, न सांगता. कुणी सांगितलं त्यांना तिथं उभं राहायला? कुणीच नाही! त्यांनी समजून घेतलंय.

आरतीचं ताट त्यांच्या हातात द्या. आणि तुम्ही सगळे, पुढच्या रांगेतले, उठा आणि चपलांच्या बाजूला जाऊन उभे राहा. देवाचं नाव मग घेऊ. आधी जागा बदला.