विमानाचा आवाज

हे बघ, बिनआवाजाच्या कार्डाचं कौतुक मला सांगू नकोस. आमच्या दादाच्या कम्प्युटरमधलं ग्राफिक्स कार्ड एवढं घरघरायचं, की आई स्वयंपाकघरातून ओरडायची, "ते विमान बंद कर आधी!" दादा अपघातात गेला, त्यानंतर कम्प्युटर मी वापरायला लागलो. परवा ते कार्ड जळालं. कॅम्प तीन भागातल्या सिंधी दुकानदाराने दुसऱ्या कंपनीचं बसवून दिलं. म्हणाला, "साईं, जरा भी आवाज नहीं आएगा."

खरंच नाही आला. घरी गेम लावून मी आईला हाक मारली, "बघ, गेलं तुझं विमान!"

ती दारातच उभी राहिली, कान देऊन.

"दुपारी पडले की वाटायचं, तो आत खेळतोय," ती म्हणाली. "जुनंच परत नाही का रे बसवता येणार?"