पुढच्या खिडकीचा पडदा

आमी मूळचे मेंढरंवाले. माझा जन्म पालावरचा, आज या रानात तर उद्या त्या रानात, भिंतच नव्हती तर खिडकी कुठून असणार, अन् आता अंबाजोगाईभर खिडक्यांची मापं घेत फिरते. माझे मालक शिलाईवाले होते, त्यांच्याजवळ शिकले, ते गेले अन् मशीन माझ्याकडं राहिली. तवापासून पडदेच शिवते.

कापड कुणीबी शिवतं हो, तुमी लिहून घ्या, खिडकी कळली पाहिजे. गिऱ्हाईक म्हणतं उजेड यावा, बाहेरचं दिसावं अन् आतलं कुणाला दिसू नाही. पातळ जाळीचा पडदा दिवसा लई चांगला, आतून रस्ता दिसतो, रस्त्यावरून आतलं न्हाई. पण घरात बत्ती लागली की उलटं होतं, बाहेरच्याला समदं दिसतं. म्हणून मी विचारते, बसता कुठं, झोपता कुठं, बत्ती कवा लावता. बायका सांगतात. निम्म्या गावात कोण कुठं झोपतं ते मला ठाऊक हाय.

मागच्या गल्लीत एक मॅडम राहतात, शाळेवर हायेत, घरात त्या अन् लकवा मारलेले वडील, आप्पा, दोघंच. मॅडमनी पुढच्या खिडकीतून पाहिलं, दिवसाढवळ्या चौघांनी एका पोराला मारलं. पोरगं मेलं. बाकीच्या गल्लीनं काय पाहिलंच न्हाई, एकट्या मॅडम म्हणाल्या मी पाहिलंय, मी सांगन. बीडच्या कोर्टात त्यांची साक्ष हाय. मारणारे मोठ्याची माणसं, कुणाची ते इचारू नका.

तवा मॅडमनी मला बोलवलं, म्हणाल्या शांताबाई, आप्पांना सकाळचं ऊन लागतं, मला फाटक दिसलं पाहिजे, अन् मी दिसाय नको. मी दोन पडदे केले, दिवसाला जाळीचा, दिवेलागणीला ओढायला अस्तराचा जाड, पिवळा. असं काम मी कुठं केलं नव्हतं, खोटं कशाला सांगू, मला लई अभिमान वाटला.

अन् तिथंच मी चुकले बघा. आठ दिवसांनी एक माणूस दुकानात आला, मावशी मावशी करत, म्हणला बंगल्याला पडदे करायचेत, त्या गल्लीतला पिवळा तुमीच केला का. मी आपली फुगले. म्हणलं हाव, मॅडम तिथंच खुर्ची टाकून वह्या तपासतात, तिथंच आप्पांजवळ झोपतात, म्हणून डबल केला. बरं म्हणला अन् गेला. तो गेल्यावर माझ्या ध्यानात आलं, त्यानं कापडाला हातबी लावला न्हाई. पडदा करून घेणारा माणूस आदी कापड बोटांत चिवळून बघतो. 

तशीच पळत गेले, मॅडमला समदं सांगितलं. रागं भरतील वाटलं, पण न्हाई. म्हणाल्या मागच्या खोलीचं माप घे. आप्पांची खाट आमी दोघींनी ओढत मागं नेली. तिथं ऊन येत न्हाई. म्हातारं रोज इचारतं, उजाडलं का गं. मॅडम पुढच्या खोलीत बत्ती लावतात, पिवळा पडदा ओढतात अन् मागं येऊन बसतात, बाहेरच्याला वाटावं हायेत म्हणून.

परवा काच फुटली. पडद्याला हातभर चीर, अन् दगड खुर्चीवर, मॅडम बसायच्या त्याच. मॅडम स्वतः पडदा घेऊन आल्या. मी हात जोडले, म्हणलं मॅडम, नका देऊ साक्ष. म्हणाल्या शिवून दे शांताबाई, तारखेपर्यंत टिकला पाहिजे.

हा बघा, माझ्या मांडीवर हाय तोच. तारखेला मीबी संगं जाणार हाय, यष्टीत खिडकीकडं मी बसन. देव त्यांना सुखरूप नेवो अन् सुखरूप आणो.

अन् काय सांगू तुमाला, माझं तोंड असं हाय. बाकी काय लिहायचं ते लिहा. मागच्या खोलीचं तेवढं लिहू नका.