लाकडाची सवत

— नाही नाही, त्या स्टुलावर नको, सरस ओला आहे अजून. इकडे बसा, दादा. हे वखारीत गेलेत लाकूड बघायला, येतीलच. तिला न्यायलाच आलात ना? मग न्या. आजच न्या. 'विचार करून सांगतो' म्हणाले असतील — यांचा विचार म्हणजे काय, तर कोपऱ्यात बसून तिच्याकडे बघत राहणं! मी सांगते ना, उचला.

बघा तरी. लाकडाची, पण बाईसारखी बाई, आणि पाठीवर वाजवायच्या तारा. मिठी मारल्याशिवाय वाजवता येत नाही — ही कुठली कला, सांगा! मूर्ती घडवणारे पुष्कळ, गाणारे पुष्कळ. यांना दोन्ही एकाच ओंडक्यात हवं. लोक म्हणतात, वा, लाकूड गातं! गातं ते काय गातं? माझ्या आईची गाणी. पाणी भरताना म्हणायची ती — कुठे लिहिलेली नाहीत, माझ्याच गळ्यात होती. लग्न झाल्यावर मी ती इथे, याच खोलीत म्हणायची. हे म्हणायचे, "गा." मी गायची, आणि हे ओंडक्यावर तळहात ठेवून डोळे मिटायचे. लाकूड थरथरलं नाही की आतून पटाशीने आणखी कोरायचे. "पुन्हा गा." मला वाटायचं — काय वाटायचं? जाऊ द्या. नव्या नवरीला काय वाटायचं ते वाटायचं. मग ती पुरी झाली, तारा चढल्या, आणि त्या दिवसापासून 'गा' बंद. कशाला म्हणतील? मिळाली ना घरातच गाणारी — जेवायला मागत नाही, उलटून बोलत नाही, कंबर कधी सुटायची नाही! सासूबाईसुद्धा आधी तिची धूळ पुसतात, मग मला चहा विचारतात.

आणि वर आगाऊ किती! दूध उतू गेलं म्हणून मी ओरडले, की ही कोपऱ्यातून हूं करते. वेडावते मला. हसू नका — ऐकलंत? आत्ता, मी 'आगाऊ' म्हटलं तेव्हा? हां, तेच! काय म्हणता, तुमच्या बोलण्याला नाही करत? बोला बघू. मोठ्याने. खोकून बघा हवं तर... अहो, गप्पच की! सासूबाई करवादतात तेव्हा — नाही, तेव्हाही नाही. यांनी हाक मारली तरी नाही. फक्त मी...

तळहात ठेवून बसायचे ना ते. माझ्या आवाजाला जिथे थरथरलं तेवढंच लाकूड सोडायचे, बाकीचं कोरून काढायचे.

दादा, तिच्या खांद्यावरचा हात काढा. आणि उठा आता. नाही, द्यायची नाही. मघाशी म्हटलं असेन, मघाचं मघाशी. सवत ती सवतच, डोळ्यांसमोर नको वाटते — पण तुमच्या दिवाणखान्यात तिच्याशी भांडणार कोण? उठा म्हटलं ना!

— बघा, तीही तेच म्हणतेय.