राजपूत जेमला

हिंगोली. जात पडताळणीची रांग. रूपाबाईच्या हातात लेकीची फाईल, मागे एक अनोळखी माणूस.

"जेमला राठोड तुमचे पणजोबा ना? इंग्रजांच्या पलटणीतले, पहिल्या महायुद्धात इराकात बसऱ्याला वारलेले?"

"तुमाला कोणं धाडलं? भावकीनं?"

"कुणीच नाही. मी जुन्या शिपायांची घरं शोधतो. हा त्यांचा भरतीचा कागद."

"जात काय लिवली त्यात?"

"राजपूत. भरती होता यावं म्हणून खोटी सांगितली असेल."

"आन् माही निता बंजारा म्हणून डॉक्टरकीला लागून राहिली. घडी घाला त्याची, साहेब ऐकंल!"

"अहो, तिथल्या स्मारकाच्या दगडावर त्यांचं नाव कोरायचंय. वारस कोण लिहू?"

"कोणी न्हाई. आमचे पणजोबा तांड्यावर बैलं राखायचे."

"बरं. येतो."

"थांबा. त्यांला तिकडं जाळलं का पुरलं हो?"