वीस बैलांचं शेत

प्रेमसिंग : मंग आपलं शेत इकत मागणाऱ्या वामनरावले काय सांगू, याडी? त्याच्यापायीच तं यवतमाळहून आलो मी. तो म्हणते, तुह्या बानं शेतापायी काय मोजलं ते सांग. आजच्या भावानं हिशेब करू, वर हजार रुपये देतो.

लालीबाई : पैसे कुठं मोजले, लेका, तुह्या बानं? लदेणीचे बैल दिले, मिठाच्या गोण्या वाहाचे. वीस बैल पाटलाच्या दारात बांधले अन् रिकाम्या हातानं आला.

प्रेमसिंग : वीस! आज बैल अडीचशाच्या खाली भेटत नाही. पाच हजार झाले, वर हजार. जन्मभर जिनिंगमंधी रुई उधळली तरी एवढे मागं पडत नाही, याडी.

लालीबाई : आपले सोळाच होते.

प्रेमसिंग : आता तं वीस म्हणली!

लालीबाई : पाटील वीसच्या खाली आयकेना. चार रुपीचे आले.

प्रेमसिंग : रुपीबाईचे? माह्या बहिणीचे?

लालीबाई : देजाचे. पोरीच्या बापाले बैल देतेत ना आपल्यात. जवळच्याच तांड्यातला पोरगा पाहून ठेवला होता म्या. थे दोन देत होते. पैनगंगेपल्याडचे चार देतो म्हणले. तुह्या बानं पल्याड देल्ली. तू कडेवर होता माह्या.

प्रेमसिंग : मले तं तिचं तोंड बी आठवत नाही.

लालीबाई : कसं आठवन? सासरी जाताना पोरगी बैलावर उभी राहून रडणं गाते, तुले माहीत हाय. रुपी गायलीच नाही. बाया म्हणे, गाय वं माय, अपशकुन होते. मुकीच उभी राह्यली अन् उतरली.

प्रेमसिंग : मंग माहेरी?

लालीबाई : फिरता तांडा त्यांचा, कोण धाडते? आता पल्याडचा निजाम गेला, महाराष्ट्र झाला, नदीवर कोणी अडवत नाही. तरी नाही आली.

प्रेमसिंग : म्हणून तं म्हणतो, इकून टाक अन् चाल माह्यासंग. बा गेल्यावर इथं बोलाले तरी कोण हाय तुले?

लालीबाई : कुत्रं हाय. ते तुह्यापेक्षा बरं, रोज येते. हास नोको. करमत नाही मले, खोटं कायले बोलू? सांज झाली का घर खाले उठते.

प्रेमसिंग : मंग ठेव अंगठा. रुपीबाई आता येत नाही, याडी.

लालीबाई : माहीत हाय रे. तिची वाट पाहून नाही अडून बसली मी.

प्रेमसिंग : मंग काहून?

लालीबाई : शेत बी इकलं, तं पोरगी कायच्यापायी देल्ली होती, सांग.