नाना म्हणतात

ऑस्ट्रेलियातल्या टूवूंबा शहरात कोरोनाच्या लसीच्या रांगेत रामभाऊ आणि शांताबाईंच्या पुढे घानातल्या एका गावाचे प्रमुख उभे होते. लेकीकडे आले आणि सीमा बंद झाल्यामुळे अडकले. सोबत भाचा होता, फोन उंच धरून. त्यातून सगळं गाव बघत होतं.

“नाव काय आपलं?” नर्सने प्रमुखांना विचारलं.

“मला विचारा,” भाचा म्हणाला. “आमच्याकडे प्रमुखांना नाना म्हणतात. नाना चारचौघांत थेट बोलत नाहीत. ते कुजबुजतात, मी सांगतो.”

“नो वरीज. भीती वाटतेय का त्यांना?”

प्रमुख बराच वेळ कुजबुजले.

“नाना म्हणतात, अजिबात नाही.”

“एवढं लांबलचक बोलले की!”

“सार तेवढंच. जपून टोचा हं, नानांनी घेतली तरच गाव घेणार आहे.”

सुई टोचली आणि प्रमुख असे ओरडले, की अख्खी रांग मागे सरली. फोनमधलं गाव चिडीचूप झालं.

भाचा खाकरला. “ऐकलंत, गावकऱ्यांनो? नानांनी रोगाला दम भरला! आता तुमची पाळी!”

फोनमधून ढोल वाजू लागले.

“नेक्स्ट! तुम्हाला भीती वाटतेय का, मेट?”

रामभाऊ शांताबाईंच्या कानाशी कुजबुजले.

“हे म्हणतात,” शांताबाई बाही वर करत म्हणाल्या, “आधी बायकोला द्या.”