अनुग्रहाचं बोट

मंडळी, आधी एका प्रश्नाचं उत्तर द्या! आयुष्यभर नियमानं चालणाऱ्या माणसाच्या हातून पाप घडतं का? — नाही म्हणता? मागच्या बाकावरच्या मावशी तर जोरजोरात मान हलवतायत! थांबा मावशी. आधी बेन्यामिन मास्तरांची गोष्ट ऐका.

बेन्यामिन साळवे. राहुरीकडच्या एका गावात उभी हयात चर्चचा पियानो वाजवला. बाराही स्केल तोंडपाठ! कुठल्याही पट्टीवरून निघा — दोन मोठी पावलं, एक छोटं. मग तीन मोठी, एक छोटं — की सा पासून सा पर्यंत जिना पुरा! शिकायला येणाऱ्यांकडून हा जिना रोज शंभरदा चढवून घ्यायचे. पण चढून जायचं कुठं? — ते सांगत नसत. त्यांनाच कुठं ठाऊक होतं! समोर छापील पान असलं की मास्तर राजा. (पेटीवाले, हसू नका! तुमच्या मांडीखालची वही दिसतेय मला!)

मास्तरांची लेक अनुग्रहा. वय एकोणीस. बापाकडूनच शिकली. पण तिच्या मनात आलं — सातही सूर ओळखीचे झाले, मग त्यांच्यात फिरायला कुणाची चिठ्ठी कशाला? डाव्या हातानं सा धरून ठेवायची आणि उजवा मोकळा सोडायची.

उत्तम शुक्रवार, म्हणजे गुड फ्रायडे, त्याच्या आदल्या दिवशीची दुपार. चर्च झाडायला दोन बाया आलेल्या. अनुग्रहा वाजवत होती. वाजवता वाजवता तिनं तिसरा सूर अर्धं पाऊल मागं घेतला — गंधार कोमल केला — अहो, उजेडातल्या घराचं दार कुणी हळूच लोटून घ्यावं, तसं झालं! झाडू जागच्या जागी थांबले.

मास्तर दारात उभे. खोटं कशाला सांगू, त्यांच्याही अंगावर काटा आला! तेवढ्यात एक बाई डोळे पुसत म्हणाली, "मास्तरांना उभ्या जन्मात असं नाही जमलं गं!"

झालं! काटा उतरला, आग चढली.

"कुठल्या पुस्तकात आहे हे?"

"पुस्तकात नाही, पप्पा. स्केल तुमचंच आहे. मी फक्त—"

"देवाच्या घरात मनाचं वाजवतेस?"

आणि मास्तरांनी पियानोचं झाकण — धाडकन!

बोटं आत होती, मंडळी.

गावात सांगितलं, झाकण पडलं. बाया गप्प राहिल्या. मास्तरांविरुद्ध कोण बोलणार? अनुग्रहाही गप्प. उजव्या हाताची दोन बोटं मोडलेली. एक सांधलं, मधलं ताठच राहिलं. ती पुन्हा पियानोला बसली नाही. आणि मास्तर? दर रविवारी नियमानं वाजवत राहिले!

सात वर्षं गेली. मास्तरांना काचबिंदू झाला. एका रविवारी भर उपासनेत पानावरच्या ओळी विरून गेल्या. हात थांबले. लोक अर्ध्या कडव्यात उभे! इतकी वर्षं — आणि पुढचा एक सूर सापडेना!

बाकांमधून पावलं वाजली. कानाशी आवाज आला, "पप्पा, सा कुठंय? डावा हात तिथं ठेवा. आता उजव्यानं चाला. चुकलात तर शेजारच्या सुरावर या."

चाचपडत, अडखळत कडवं पार पडलं.

तेव्हापासून ती रोज तासभर त्यांच्याजवळ बसे. सुरांपलीकडचा एक शब्द नाही. आणि पुढच्या उत्तम शुक्रवारी मास्तरांनी पुस्तकाशिवाय वाजवलं — आपलं, स्वतःचं! वाजवताना त्यांना कळलं, हेच होतं ते. हेच त्या दुपारी आपण मोडलं.

ते उठले. पियानोला धरून उभे राहिले. "झाकण पडलं नव्हतं," म्हणाले. "मी आपटलं होतं. मला तिचा हेवा वाटला होता. अनुग्रहा, माफ कर पोरी."



"माफ केलं, पप्पा," ती म्हणाली. "केव्हाच केलं. पण बोट वळत नाही."

मंडळी, क्षमा मागा, जरूर मागा! देव देतो, लेकरंही देतात. पण क्षमेनं हाड सांधत नाही! नियमाच्या नावाखाली आपण किती वेळा आपलाच हेवा चालवतो? आपल्या घरात असं कोण आहे, जे पूर्वी गुणगुणायचं आणि आता गप्प असतं? कुणामुळं गप्प झालं? — माझ्याकडं बघू नका. शेजाऱ्याकडंही बघू नका. घरी जा, आणि त्यालाच विचारा!